लेकरू बेपत्ता झालं तर बातमी किती द्यायची, कुणाला द्यायची

बार्शीटाकळीहून अकोल्याला कॉलेजला, क्लासला, कामाला जाणारी पोरं सकाळी एसटीने नाहीतर काळीपिवळीने निघतात आणि दिवेलागणीपर्यंत घरी येतात. एखाद्या संध्याकाळी त्यातलं एक येत नाही. फोन बंद लागतो, मैत्रिणी ‘आमच्यासोबत नव्हती’ म्हणतात. मग घरात दोन कामं एकदम सुरू होतात. एक जण ठाण्याकडे निघतो, दुसरा कुणीतरी फोटो व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर टाकतो. फोटो आधी पोहोचतो. रात्री दहापर्यंत तो पिंजर, महान, मंगरूळपीर, मूर्तिजापूर असा फिरून आलेला असतो आणि वाटेत कुणीतरी त्याला आपल्या पदरची ओळ जोडलेली असते, ‘प्रेमप्रकरणाचा संशय’. दुसऱ्या दिवशी एखाद्या पोर्टलवर तीच ओळ मथळा होऊन येते.

अशा वेळी घरच्यांना बातमीचा विचार सुचत नाही, आणि तो त्यांनी करावा असं म्हणणंही कठोर वाटतं. पण घरातल्या, नात्यातल्या किंवा गल्लीतल्या एका शांत डोक्याच्या माणसाने तो करायलाच हवा. बातमीमुळे माणूस सापडतो, पुरावा नासतो, कधी जीवही धोक्यात येतो. आणि दुर्दैवाने शेवट वाईट झाला, तर छापलेली, दाखवलेली, पुढे ढकललेली प्रत्येक ओळ त्या घराला पुढची कित्येक वर्षं सोबत घेऊन जगावी लागते.

पहिलं काम पोलिसांचं. ‘२४ तास थांबा, येईल’ असं सांगणारा कोणताही नियम कायद्यात नाही. हरवलेलं मूल १८ वर्षांखालचं असेल, तर अपहरण गृहीत धरून गुन्हाच दाखल करावा, असं सर्वोच्च न्यायालयाने मे २०१३ मध्ये बचपन बचाओ आंदोलनाच्या याचिकेवर सांगितलं. नुसती ‘मिसिंग’ची नोंद तिथे पुरत नाही. वय १८ च्या वर असेल तर आधी बेपत्ता असल्याची नोंद होते. मात्र घातपाताचा, धमकीचा किंवा जबरदस्तीचा संशय असेल, तर तो तक्रारीत स्पष्ट लिहून द्यावा आणि पोहोच घ्यावी. हद्दीचा वाद काढून परत पाठवता येत नाही. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३ प्रमाणे गुन्हा कुठेही घडलेला असो, माहिती कोणत्याही ठाण्यात नोंदवता येते. ठाणेदाराने गुन्ह्याची फिर्याद घेतलीच नाही, तर त्याच कलमाखाली जिल्हा पोलीस अधीक्षकांकडे लेखी अर्ज पाठवता येतो आणि तिथेही दाद लागली नाही तर न्यायदंडाधिकाऱ्यांकडे जाता येतं. तातडीसाठी ११२ आणि लहान मुलांसाठी १०९८ हे दोन क्रमांक घरातल्या सगळ्यांना पाठ असावेत.

वार्ताहराला बोलवायचं कधी? पोलीस हलत नसतील तर लगेच. अकोल्यातली एक मुलगी बेपत्ता झाली, तपास रेंगाळला, वडिलांनी उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाचं दार ठोठावलं आणि प्रकरण वर्तमानपत्रांतून गाजलं. मार्च २०२० मध्ये तत्कालीन गृहमंत्री अनिल देशमुख यांना दोन पोलीस अधिकाऱ्यांचं निलंबन आणि जिल्हा पोलीस अधीक्षकांची बदली विधानसभेत जाहीर करावी लागली. बातमीचा खरा उपयोग हा. तक्रार कधी दिली, ठाण्यात कोण हजर होतं, फोनचे तपशील कधी मागवले, सीसीटीव्हीचं चित्रण कधी ताब्यात घेतलं, हे प्रश्न वार्ताहराने विचारले की यंत्रणेला उत्तर द्यावं लागतं. घरच्यांनी त्याला तक्रारीची प्रत आणि तारखा द्याव्यात. मुलीची डायरी, तिच्या चॅटचे स्क्रीनशॉट, तिचा इन्स्टाग्रामचा पासवर्ड यातलं काहीही देऊ नये. ते तपास अधिकाऱ्याचं काम आहे आणि त्यालाही ते पंचनामा करून, पावती देऊनच घेता येतं.

खंडणीचा फोन आला असेल तर मात्र वर्तमानपत्र, चॅनल, ग्रुप सगळं बंद ठेवायचं. ऑगस्ट २००७ मध्ये मुंबईच्या लोखंडवाला भागातला १६ वर्षांचा मुलगा घराबाहेर पडला तो परतला नाही. दोन कोटींच्या खंडणीची मागणी झाली. अपहरणाची बातमी वाहिन्यांवर झळकली आणि थोड्याच वेळात नवी मुंबईत मुलाचा मृतदेह मिळाला. टीव्हीवर बातमी पाहून अपहरणकर्ते घाबरले आणि त्यांनी मुलाला मारलं, असं तेव्हा पोलिसांकडून सांगितलं गेलं. पुढे २०१२ मध्ये सत्र न्यायालयाने या खटल्यातल्या चार आरोपींना निर्दोष सोडलं, त्यामुळे त्या रात्री नेमकं काय घडलं हे न्यायालयात सिद्ध झालंच नाही. तरी त्या बातमीची घाई कुणाच्या फायद्याची होती, हा प्रश्न राहतोच. पोलिसांनी ‘अजून छापू नका’ म्हटलं आणि त्यामागे कारण असेल, तर वार्ताहराने ते ऐकावं. आपल्या हातून सुटलेली बातमी दुसऱ्याने दिली तर द्यावी.

खंडणीचा प्रश्न नसेल तर फोटो जरूर फिरवावा, पण नीट लिहून. अशा वेळी फिरणाऱ्या बहुतेक संदेशांत ‘कृपया जास्तीत जास्त शेअर करा’ हे तीनदा असतं आणि तारीख एकदाही नसते. मग दोन वर्षांपूर्वी सापडलेली मुलगी आजही कुठल्यातरी ग्रुपवर हरवलेलीच असते. चांगली सूचना चार ओळींची असते. वय १९, उंची पाच फूट दोन इंच, रंग गव्हाळ, अंगात हिरवी कुर्ती आणि काळी लेगिन्स, पाठीवर निळी सॅक. शेवटची दिसली ती अमुक तारखेला, सकाळी साडेनऊला, बार्शीटाकळी बसस्थानकावर अकोल्याच्या गाडीजवळ. मराठी, वऱ्हाडी बोलते. माहिती असल्यास बार्शीटाकळी पोलीस ठाणे, फोन अमुक, नोंद क्रमांक अमुक. बस, एवढंच. जात, धर्म, वडिलांचा धंदा, घराचा पत्ता, कॉलेजचं नाव, ‘कुणासोबत गेली असावी’ यातल्या एकाही गोष्टीने रस्त्यावरचा माणूस तिला ओळखणार नाही. फोटो चेहरा नीट दिसणारा आणि अलीकडचा हवा. लग्नातला, मेकअप केलेला, फिल्टर लावलेला नको. त्यात शेजारी उभ्या मैत्रिणीचा चेहरा असेल तर तो कापून टाकावा.

एक खूण मात्र मुद्दाम लपवून ठेवावी. मनगटावरचा गोंदणाचा ठिपका, सॅकच्या आतल्या कप्प्यात काय होतं, पायातलं पैंजण एकाच पायात होतं का, असं काहीतरी जे फक्त घरच्यांना आणि पोलिसांना ठाऊक असेल. फोटो फिरला की फोन सुरू होतात. त्यातले काही कळवळ्याचे असतात, काही ‘मुलगी आमच्याकडे आहे, आधी पाच हजार टाका’ म्हणणाऱ्या भामट्यांचे. ती एक खूण विचारली की खरं-खोटं तिथल्या तिथे कळतं. आईवडिलांचा मोबाइल नंबर सूचनेत टाकूच नये. दुसरा नंबर द्यायचाच तर मामा, काका, शेजारी अशा एकाच धीराच्या माणसाचा द्यावा आणि त्याने आलेला प्रत्येक फोन वेळेसकट वहीत लिहावा. पैसे मागणाऱ्याचा नंबर ठाण्यात द्यावा. पैसे गेलेच असतील तर १९३० या सायबर क्रमांकावर त्याच तासात कळवावं.

आणखी एक बाब अवघड आहे, पण ती टाळून पुढे जाता येत नाही. बेपत्ता झालेली व्यक्ती सज्ञान असेल आणि आपल्या मर्जीने घर सोडून गेली असेल, तर तिला शोधणारं घरच तिच्यासाठी धोक्याचं असू शकतं. डिसेंबर २०२१ मध्ये वैजापूर तालुक्यातल्या लाडगावात, घरच्यांच्या मनाविरुद्ध लग्न केलं म्हणून १९ वर्षांच्या मुलीचा सख्ख्या भावाने सासरच्या घरात खून केला. आई त्या वेळी सोबत होती. ‘प्रेमीयुगुल पसार’ अशा मथळ्याखाली दोघांचे फोटो, गावं आणि नवा पत्ता छापणाऱ्याने हे आठवावं. पोलिसांना सज्ञान मुलगी सापडली आणि ती सुखरूप असेल, तर ती सुखरूप आहे एवढंच घरी सांगायचं असतं. वर्तमानपत्रालाही तेवढंच पुरेसं आहे. मूल सापडल्यावर, मग ते कसंही सापडो, ज्या ज्या ठिकाणी फोटो टाकला तिथून तो काढून टाकणं आणि ‘सापडली आहे, कृपया फोटो पुढे पाठवू नका’ असा एक संदेश फिरवणं हे फोटो टाकणाऱ्याचंच काम आहे. सूचना फिरवताना होता तेवढा उत्साह या कामात सहसा दिसत नाही.

राज्य महिला आयोगाच्या तत्कालीन अध्यक्ष रूपाली चाकणकर यांनी मे २०२३ मध्ये दिलेल्या आकड्यांप्रमाणे त्या वर्षी जानेवारीत १,६००, फेब्रुवारीत १,८१० आणि मार्चमध्ये २,२०० मुली महाराष्ट्रातून बेपत्ता झाल्या होत्या. यातल्या किती जणींची बातमी राज्यभर झाली? मोठ्या शहरातली, फोटो चांगला असलेली, गोष्टीत काहीतरी थरार असलेली मुलगी चॅनलवर येते. तालुक्यातली, मजुराच्या घरची, बोलणारं कुणी नसलेली येत नाही. म्हणूनच तालुका प्रतिनिधीचं मोल इथे फार आहे. देशोन्नतीसारखं दैनिक अकोल्यातून निघतं, इतर मोठ्या दैनिकांचीही अकोल्याची पानं असतात. त्या पानावर चार इंचांची, पण अचूक आणि दर आठवड्याला पाठपुरावा करणारी बातमी मुंबईच्या स्टुडिओतल्या तासभर आरडाओरड्यापेक्षा घरच्यांच्या जास्त कामी येते.

आता वाईट शेवटाकडे. काटेपूर्णेच्या जलाशयात, विहिरीत, कॅनॉलमध्ये शोध घ्यायची वेळ आली की वऱ्हाडात हमखास आठवतं ते पिंजरचं संत गाडगेबाबा आपत्कालीन शोध व बचाव पथक. पथक पाण्यात उतरतं तेव्हा काठावर गर्दी जमते आणि प्रत्येकाच्या हातात मोबाइल असतो. कुणीतरी फेसबुकवर लाइव्ह सुरू करतं. पन्नास पावलांवर बसलेल्या बापाला आपलं लेकरू गेल्याचं शेजाऱ्याच्या मोबाइलवर कळावं, यापरती क्रूर गोष्ट नाही. गावातल्या मंडळींनी आणि पोलीस पाटलाने इथे पुढे होऊन काठ मोकळा करावा, मोबाइल खाली ठेवायला लावावेत. ओळख पटून घरच्यांना समोर बसून सांगितल्याशिवाय ग्रुपवर एक अक्षरही जाऊ देऊ नये. मृतदेहाचा फोटो, धूसर केलेला असला तरी, पाठवू नये. अकोल्याच्या सर्वोपचार रुग्णालयात शवविच्छेदनासाठी घरचे ताटकळत उभे असताना ‘काय वाटतं तुम्हाला?’ म्हणून माइक पुढे करणाऱ्यांना नातेवाइकांनी हात जोडून नाही म्हणावं. बाईट देणं कुणावरही बंधनकारक नाही.

बोलायचंच तर घरातल्या एकाने, कागदावर लिहून आणलेलं, दोन मिनिटांत वाचून थांबावं. यामागे आणखी एक व्यवहाराचं कारण आहे. कॅमेऱ्यासमोर रडत, संतापत बोललेलं वाक्य पुढे दोन-तीन वर्षांनी न्यायालयात आरोपीचा वकील काढतो. पोलिसांना दिलेल्या बयाणात वेळ सातची आणि चॅनलवर नऊची, मग खरं काय, असं विचारतो. त्यात एखाद्या चांगल्या साक्षीदाराचा पाय घसरतो. शेवटचं पाहणारी मैत्रीण, दुकानदार, ऑटोवाला यांना तर वार्ताहरांनी गाठूच नये. अभिनेता सुशांतसिंह राजपूत याच्या मृत्यूच्या प्रकरणातल्या वार्तांकनावर निकाल देताना मुंबई उच्च न्यायालयाच्या न्या. दीपंकर दत्ता आणि न्या. गिरीश कुलकर्णी यांच्या खंडपीठाने जानेवारी २०२१ मध्ये हेच बजावलं. साक्षीदारांच्या मुलाखती, घटनेचं नाट्य रूपांतर, आरोपीचा कथित कबुलीजबाब आणि मृताच्या चारित्र्यावर शिंतोडे हे सगळं टाळावं, असं त्या निकालात आहे.

आरोपीचा कबुलीजबाब हा आपल्याकडचा आवडता मथळा. ‘पोलिसी खाक्या दाखवताच गुन्ह्याची कबुली’. पोलिसांपुढे दिलेली कबुली आपल्या पुरावा कायद्यात आरोपीविरुद्ध चालत नाही, पूर्वीही चालत नव्हती, नव्या भारतीय साक्ष्य अधिनियमातही चालत नाही. संशयिताचा चेहरा छापला की ओळख परेडही वाया जाते. नायब तहसीलदारासमोर साक्षीदाराने सहा-सात जणांतून माणूस ओळखला, तरी ‘तू तर याचा फोटो पेपरात पाहिला होतास’ या एका प्रश्नावर ती ओळख उडते. संतापाच्या भरात फोटो व्हायरल करणारे आरोपीला मदतच करत असतात.

आणि पकडलेला किंवा नाव घेतलेला माणूस आरोपी नसलाच तर? मे २००८ मध्ये नोएडात १३ वर्षांच्या मुलीचा खून झाला तेव्हा घरातला नोकर सापडत नव्हता. तोच खुनी, म्हणून पोलिसांनी त्याच्या नावे शोध सुरू केला आणि चॅनलांनी तेच सांगितलं. दुसऱ्या दिवशी त्याच घराच्या गच्चीवर त्याचाही मृतदेह मिळाला. इंग्लंडमध्ये ब्रिस्टलला डिसेंबर २०१० मध्ये जोआना येट्स ही २५ वर्षांची तरुणी बेपत्ता झाली आणि नाताळाच्या दिवशी तिचा मृतदेह सापडला. पोलिसांनी चौकशीसाठी तिच्या घरमालकाला, ख्रिस्तोफर जेफरीज या निवृत्त शिक्षकाला ताब्यात घेतलं. त्याचे पांढरे विस्कटलेले केस, एकटं राहणं, बोलण्याची ढब यावरून वृत्तपत्रांनी त्याला विकृत ठरवून टाकलं. खुनी निघाला शेजारी राहणारा व्हिन्सेंट टबॅक. जेफरीज यांना आठ वृत्तपत्रांनी बदनामीची भरपाई दिली आणि न्यायालयाच्या अवमानाबद्दल ‘डेली मिरर’ला ५० हजार, ‘द सन’ला १८ हजार पौंडांचा दंड झाला. आपल्या गावात असा माणूस कोण, हे प्रत्येकाला मनातल्या मनात ठाऊक असतं. एकटा राहणारा, फारसा न बोलणारा, दुसऱ्या वस्तीतला. पहिली बोटं त्याच्याकडेच जातात.

महाराष्ट्रातल्या वाचकांनी गेल्या काही वर्षांत सगळ्यात जवळून पाहिलं ते वसईच्या श्रद्धा वालकरचं प्रकरण. वार्तांकन कुठे उपयोगाला आलं आणि कुठे सडलं, हे दोन्ही त्यात दिसतं. मे २०२२ मध्ये दिल्लीत तिचा खून झाला. घरच्यांशी बोलणं तुटलेलं होतं, त्यामुळे कितीतरी महिने ती बेपत्ता आहे हेच कुणाला ठाऊक नव्हतं. तिचा फोन लागत नाही, असं एका मित्राने कळवल्यावर वडिलांनी ऑक्टोबरमध्ये वसईच्या माणिकपूर ठाण्यात तक्रार दिली आणि १२ नोव्हेंबर २०२२ ला दिल्ली पोलिसांनी तिच्यासोबत राहणाऱ्या आफताब पूनावाला याला अटक केली. नंतरचे कित्येक दिवस चॅनलांवर फ्रिज, करवत आणि मृतदेहाच्या तुकड्यांची संख्या एवढंच होतं.

त्या गदारोळातली एक बातमी मात्र पत्रकारितेचं चीज करणारी होती. श्रद्धाने २३ नोव्हेंबर २०२० ला, म्हणजे दोन वर्षं आधी, नालासोपाऱ्याच्या तुळिंज ठाण्यात लेखी तक्रार दिली होती. आफताब मारहाण करतो, मारून तुकडे करण्याची धमकी देतो, असं तिने आपल्या हाताने लिहिलं होतं. नंतर तिने ती तक्रार मागे घेतली. हे पत्र छापून आलं तेव्हा पहिल्यांदा पोलिसांकडे बोट गेलं आणि सरकारला त्या दिरंगाईच्या चौकशीचं आश्वासन द्यावं लागलं. एखाद्या घरात अशी जुनी तक्रार, अर्ज, ११२ ला केलेला फोन असेल, तर वार्ताहराला सांगायची गोष्ट ती आहे.

बाकीचं वार्तांकन काय करून गेलं? तिने निवडलेल्या जोडीदारावरून, लग्नाशिवाय सोबत राहण्यावरून तिलाच आरोपीच्या पिंजऱ्यात उभं केलं गेलं. आरोपीच्या धर्मावरून साऱ्या समाजाला दोषी ठरवणारे कार्यक्रम झाले. २८ नोव्हेंबरला आरोपीला नेणाऱ्या पोलिसांच्या गाडीवर दिल्लीत तलवारी घेऊन हल्ला झाला. त्याच दिवसांत ‘रशीद खान’ असं नाव सांगून या खुनाचं समर्थन करणाऱ्या माणसाचा व्हिडिओ घराघरात पोहोचला. तपासात तो बुलंदशहरचा विकास नावाचा माणूस निघाला. व्हिडिओ पाहून भडकलेल्या किती ग्रुपांवर हा खुलासा गेला? एप्रिल २०२३ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने वाहिन्यांना दोषारोपपत्रातला मजकूर दाखवायला मनाई केली. फेब्रुवारी २०२४ मध्ये वृत्तवाहिन्यांच्या स्वनियमन प्राधिकरणाने, न्या. ए. के. सिक्री अध्यक्ष असताना, या प्रकरणाला ‘लव्ह जिहाद’ म्हणून रंगवणाऱ्या कार्यक्रमांबद्दल न्यूज १८ इंडियाला ५० हजारांचा दंड केला आणि ते कार्यक्रम काढून टाकायला लावले. एका सामान्य प्रेक्षकाने चिकाटीने तक्रार केली म्हणून हे घडलं. श्रद्धाचे वडील मात्र फेब्रुवारी २०२५ मध्ये वसईत वारले. मुलीचे अवशेष खटल्यातला पुरावा म्हणून अडकलेले होते, त्यामुळे तिचे अंत्यसंस्कार करायचे राहूनच गेले.

नाव छापायचं की नाही, यावर गावात आणि पत्रकारांतही गोंधळ आहे. लैंगिक अत्याचार झालेल्या व्यक्तीची ओळख उघड करणं भारतीय न्याय संहितेच्या कलम ७२ प्रमाणे गुन्हा आहे, दोन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. ती व्यक्ती मरण पावली म्हणून ही मनाई उठत नाही. सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०१८ च्या निपुण सक्सेना निकालात हे स्पष्ट केलं आहे. अत्याचार झालेलं मूल असेल तर पोक्सो कायद्याचं कलम २३ लागतं. बाल न्याय कायद्याचं कलम ७४ त्याहून व्यापक आहे. गुन्ह्याला बळी पडलेलं, साक्षीदार असलेलं किंवा गुन्ह्यात अडकलेलं, कोणतंही मूल असो, त्याचं नाव, पत्ता, शाळा, फोटो असं ओळख पटवणारं काही छापायचं नाही. सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन लाखांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. कठुआतल्या अत्याचारात बळी गेलेल्या मुलीचं नाव आणि फोटो दाखवल्याबद्दल दिल्ली उच्च न्यायालयाने २०१८ मध्ये माध्यमसंस्थांना प्रत्येकी १० लाख रुपये भरायला लावले होते. ही बंधनं पेपरवाल्यांपुरती नाहीत. स्टेटस ठेवणाऱ्याला, श्रद्धांजलीचं बॅनर चौकात लावणाऱ्या मंडळाला, मोर्चात फोटो उंचावणाऱ्या कार्यकर्त्यालाही ती आहेत. अडचण अशी की शोधासाठी काल फिरवलेलाच फोटो आज बेकायदा ठरू शकतो. मृतदेह सापडला आणि गुन्ह्याचं स्वरूप असं निघालं, तर आधीच्या बातम्या, पोस्ट, रील सगळं काढायला हवं. नाव न छापता ‘अमुक गावच्या सरपंचाची पुतणी, तमुक कॉलेजची विद्यार्थिनी’ लिहिणं हीदेखील ओळख उघड करणंच आहे. दोन हजार वस्तीच्या गावात एवढ्यावरून कोण ते सगळ्यांना कळतं.

बातमी चुकीची आली तर गप्प बसू नये. दैनिकाच्या संपादकाला आधी लेखी पत्र द्यावं, त्यात कोणती ओळ चूक आणि खरं काय ते पुराव्यासह लिहावं, कात्रण जोडावं. दुरुस्ती छापली नाही तर भारतीय प्रेस परिषदेकडे जाता येतं. दैनिक-साप्ताहिकासाठी दोन महिन्यांची आणि पाक्षिक-मासिकासाठी चार महिन्यांची मुदत आहे. परिषद दंड करू शकत नाही, पण समज आणि ताशेरे देते आणि संपादक ते मनावर घेतात. वाहिनी असेल तर प्रसारणानंतर सात दिवसांच्या आत तिलाच तक्रार पाठवावी, कार्यक्रमाचं नाव, तारीख, वेळ आणि लिंकसह. केबल टीव्हीच्या २०२१ च्या नियमांप्रमाणे २४ तासांत पोहोच आणि १५ दिवसांत उत्तर मिळायला हवं. नाही मिळालं तर पुढच्या १५ दिवसांत वाहिन्यांच्या स्वनियमन प्राधिकरणाकडे. बातमी देणाऱ्या पोर्टलनाही माहिती तंत्रज्ञान नियमांखाली तक्रार अधिकारी नेमावा लागतो. गावातल्या यूट्यूब चॅनलचा चालक समोरचाच असतो. बहुतेक वेळा चार मोठ्या माणसांनी घरी जाऊन सांगितलं तरी व्हिडिओ उतरतो. पैसे मागितले तर ती खंडणी आहे, सरळ ठाण्यात तक्रार द्यावी. या सगळ्यासाठी वकील परवडत नसेल तर अकोल्याच्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जावं. महिला, मुलं, अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना तिथे उत्पन्नाची अट न घालता मोफत वकील मिळतो.

वार्ताहर चुकला तर तो सुधारू शकतो, हेही तालुक्यातल्या तरुण पत्रकारांसाठी सांगायला हवं. इंग्लंडमधल्या मिली डाउलर या १३ वर्षांच्या मुलीचं २००२ मध्ये अपहरण आणि खून झाला. ती बेपत्ता असताना ‘न्यूज ऑफ द वर्ल्ड’ने तिच्या फोनमधले व्हॉइसमेल चोरून ऐकले होते, हे ‘गार्डियन’ने जुलै २०११ मध्ये उघड केलं आणि १६८ वर्षांचं ते साप्ताहिक त्याच महिन्यात बंद पडलं. मात्र त्या वार्ताहरांनी व्हॉइसमेल पुसले आणि त्यामुळे मुलगी जिवंत असल्याची आशा आईवडिलांना वाटली, हा त्या बातमीतला भाग पुढे टिकला नाही. संदेश बहुधा आपोआप पुसले गेले होते. एवढ्या मोठ्या बातमीतली ही चूक ‘गार्डियन’ने स्वतःच्याच पानावर कबूल केली. आपल्याकडे पहिल्या पानावर आलेल्या ‘प्रेमसंबंधातून खून’चा खुलासा, आलाच तर, आतल्या पानावर तळाला येतो. तो मूळ बातमीच्याच जागी, तेवढ्याच टाइपात मागावा.

पोलिसांकडून अधिकृत माहिती हवी, ठाण्यातल्या कुणा हवालदाराची कुजबूज नको. पोलिसांनी माध्यमांना काय आणि कसं सांगावं याची नियमावली करावी, असं सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर २०२३ मध्ये केंद्रीय गृह मंत्रालयाला सांगितलं होतं. घरच्यांचाही हक्क आहे. प्रथम खबरी अहवालाची प्रत फिर्यादीला फुकट मिळते आणि तपास कुठवर आला हे पोलिसांनी ९० दिवसांच्या आत कळवायचं असतं. ही मुदत संपण्याच्या सुमारास वार्ताहराने घरी एक चक्कर मारली आणि ‘कळवलं का?’ एवढं विचारलं तरी त्यातून बातमी निघते.

पहिल्या आठवड्यात दारात सात माइक असतात, पंधराव्या दिवशी एकही नसतो. दोषारोपपत्र दाखल होतं, खटला अकोल्याच्या सत्र न्यायालयात उभा राहतो, साक्षीदार फितूर होऊ लागतात, सरकारी वकील बदलतो, तारखांवर तारखा पडतात. कुटुंब बार्शीटाकळीहून एसटीने येऊन दिवसभर बाकावर बसून परत जातं. बातमीची गरज तेव्हा सगळ्यात जास्त असते. प्रत्येक खटल्याला सोळा अंकाक्षरांचा सीएनआर क्रमांक असतो. ई-कोर्ट्सच्या संकेतस्थळावर किंवा मोबाइल अ‍ॅपवर तो टाकला की पुढची तारीख, झालेला आदेश, कोणत्या न्यायालयात आहे ते घरबसल्या दिसतं. तो क्रमांक सरकारी वकिलाकडून मागून घ्यावा, वहीच्या पहिल्या पानावर लिहावा आणि ज्या एका-दोघा वार्ताहरांनी सुरुवातीला नीट लिहिलं होतं त्यांना पाठवावा. तारखेच्या आदल्या संध्याकाळी त्यांना एक फोन करावा.